बहात्तर वर्षांचा आवाज

रस्त्यात समोरून आली तर कुणी ओळखणार नाही, पण दुकानात ‘अर्धा डझन अंडी द्या’ एवढे म्हणाली की रांगेतले लोक चमकून बघतील, अशी काही माणसे असतात. रेडिओवर नाटके करणाऱ्यांचे आयुष्य असेच जाते. आवाज घराघरात पोचलेला आणि चेहरा कुणाच्याच ओळखीचा नाही. इंग्लंडमधील जून स्पेन्सर या बाईंनी असे आयुष्य १९५० पासून २०२२ पर्यंत काढले, म्हणजे बहात्तर वर्षे. मधली काही वर्षे त्या आपल्या मुख्य भूमिकेपासून दूर होत्या, ती हकीकत पुढे येईलच. पण शेवटचे काम केले तेव्हा त्यांचे वय १०३ होते. आमच्या कचेरीत ५८ वर्षे भरली की हार घालून, चहा-सामोसा देऊन माणसाला घरी पाठवतात आणि दुसऱ्या दिवशी त्याच्या खुर्चीवर दुसरा बसतो. त्यामुळे १०३ हा आकडा प्रथम वाचला तेव्हा मी जन्मसाल आणि निवृत्तीचे साल कागदावर मांडून वजाबाकी करून पाहिली. कारकुनाची सवय, दुसरे काय!

ज्या वाचकांची पन्नाशी उलटली आहे त्यांना रेडिओवरचे कुटुंब म्हणजे काय हे सांगायला नको. मुंबई आकाशवाणीच्या ‘पुन्हा प्रपंच’मधले पंत, मीनावहिनी आणि टेकाडे भावजी हे आपल्या आयाबहिणींना शेजारच्या खोलीतल्या माणसांइतके जवळचे होते. प्रभाकर जोशी, नीलम प्रभू आणि बाळ कुडतरकर या तिघांचे ते आवाज. चाळीत एखाद्याच घरी रेडिओ असायचा, त्याचाही परवाना पोस्टात जाऊन नवा करून आणावा लागे, आणि तरीही गॅलरीत उभी राहून सगळी चाळ ऐकायची. तांदूळ निवडताना, भाकरी थापताना, विड्या वळताना ऐकता येते हा रेडिओचा मोठा गुण. सिनेमाला हातातले काम ठेवून बसावे लागते. कष्टकऱ्यांच्या घरात रेडिओ इतकी वर्षे टिकला तो यामुळे.

जून स्पेन्सर ज्या मालिकेत होत्या तिचे नाव ‘द आर्चर्स’. बीबीसी रेडिओवर ही मालिका १ जानेवारी १९५१ पासून देशभर सुरू झाली आणि आजही चालू आहे. जगात इतकी वर्षे चाललेली दुसरी नाट्यमालिका नाही. तिला सत्तर वर्षे झाली तेव्हा भागांची संख्या १९,००० च्या वर गेली होती. अ‍ॅम्ब्रिज नावाचे एक खेडे, जे नकाशावर कुठेही सापडणार नाही; तिथले आर्चर नावाचे शेतकरी कुटुंब, त्यांचे सोयरेधायरे, शेजारी, गावातला पब, चर्च, गुरेढोरे. एवढाच संसार.

पोटासाठी सुरू झालेले नाटक

या नाटकाचा जन्म भुकेतून झाला असे म्हटले तर चूक होणार नाही. दुसरे महायुद्ध जिंकले तरी इंग्लंडमध्ये खायला पुरेसे नव्हते. मांस, लोणी, साखर रेशनवर मिळे. पाव तर युद्ध चालू असताना मोकळा होता, तो युद्ध संपल्यावर, १९४६ मध्ये रेशनवर आला. सगळे रेशन उठायला जुलै १९५४ उजाडला. साहेबाच्या देशातही बाया पिशव्या घेऊन रांगा लावीत होत्या, हे आपल्या रेशन दुकानापुढे उभ्या राहणाऱ्या भगिनींना कदाचित खरे वाटणार नाही. शेतकऱ्याने जास्त पिकवावे, नवी खते, नवी यंत्रे, जनावरांच्या रोगांवरचे नवे उपाय शिकावेत म्हणून सरकारची धडपड चालली होती. पण शेतीवरची भाषणे ऐकणार कोण? १९४८ मध्ये बर्मिंगहॅमला बीबीसीने शेतकऱ्यांची बैठक बोलावली. तिथे हेन्री बर्ट नावाच्या शेतकऱ्याने उठून सांगितले की, आम्हाला शेतीतला एखादा डिक बार्टन पाहिजे. डिक बार्टन हा त्या वेळच्या रेडिओवरचा गाजलेला गुप्तहेर. तो रोज संध्याकाळी संकटात सापडायचा आणि लोक दुसऱ्या दिवसाची वाट बघायचे. बीबीसीचे गॉडफ्रे बेझली यांनी ती सूचना मनावर घेतली. १९५० च्या मे महिन्यात नमुन्यादाखल पाच भाग बर्मिंगहॅमहून, फक्त मध्य इंग्लंडपुरते, प्रसारित झाले. त्या पाच भागांत पेगी नावाच्या सुनेचा आवाज जून स्पेन्सर यांचा होता.

रेडिओकडून शेतीचे काम करून घेण्याचा मोठा प्रयोग आपल्याकडेही झाला आहे, आणि तो महाराष्ट्रातच. १९५६ मध्ये पुणे आकाशवाणीने युनेस्कोच्या साह्याने पाच जिल्ह्यांतल्या सुमारे दीडशे गावांत श्रोतेमंडळे काढली होती. मंडळाने रेडिओभोवती बसून कार्यक्रम ऐकायचा, मग आपसात चर्चा करायची आणि गावात काय करता येईल ते ठरवायचे. आपला प्रयोग चर्चेचा होता, तिकडे गोष्टीचा मार्ग धरला. खताचा सल्ला यायचा तो घरातल्या वादावादीतून, न्याहारीच्या टेबलावरून. म्हातारा जुने सोडायला तयार नाही, पोराला नवे करायचे आहे; ऐकणाऱ्या शेतकऱ्याला वाटे हे आपल्याच घरातले बोलणे. शेतकऱ्यांना शिकवण्याचा हा हेतू १९७२ पर्यंत अधिकृतपणे ठेवलेला होता, नंतर तो सोडून दिला. गोष्ट मात्र चालू राहिली.

जून स्पेन्सर यांचा जन्म १४ जून १९१९ चा, नॉटिंगहॅम शहरातला. रेडिओवरचे काम त्यांनी युद्धाच्या काळातच सुरू केले होते, त्यामुळे पेगी मिळाली तेव्हा त्या नवख्या नव्हत्या. पेगी ही लंडनच्या पूर्व भागातल्या कष्टकरी वस्तीतली मुलगी. युद्धात ती महिलांच्या लष्करी दलात होती, तिथे तिची आर्चर घराण्यातल्या जॅकशी गाठ पडली आणि लग्न करून ती खेड्यात आली. सुरुवातीच्या दिवसांत जूनबाईंनी याच मालिकेत आणखी एक भूमिका केली, रिटा फ्लिन या आयरिश मुलीची. म्हणजे एकाच गळ्यातून एक बोली लंडनची आणि एक आयर्लंडची. आपल्याकडे एकाच बाईने एकाच नाटकात वऱ्हाडीही बोलावे आणि मालवणीही बोलावे, तसे. रंगमंचावर त्यासाठी लुगडे बदलावे लागते, टोप घालावा लागतो. इथे सगळे सोंग गळ्याचे.

इस्त्रीचे टेबल आणि दह्याचे भांडे

नभोनाट्य ऐकलेले लोक पुष्कळ, पण ते होते कसे हे पाहिलेले थोडे. नटांना संवाद पाठ करावे लागत नाहीत, कागद हातात असतात. पण त्या कागदाची सळसळ ऐकू गेली की सगळे मुसळ केरात. म्हणून पान वाचून झाले की ते अलगद बाजूला करण्याची कला अंगी बाणवावी लागते. भांडण माइकजवळ करायचे की दोन पावले मागे सरून, कानात सांगितल्यासारखे बोलायचे तर मान किती वळवायची, हे सारे मोजून असते. चुंबनाचा प्रसंग असला तर नट आपल्याच हाताच्या पाठीवर ओठ टेकवतो. घरातला प्रसंग आणि शेतातला प्रसंग यांचा आवाज वेगळा यावा लागतो. भिंतींवरून आवाज परतला तर ऐकणाऱ्याला खोली जाणवते. म्हणून शेतातल्या, रस्त्यावरच्या प्रसंगांसाठी स्टुडिओचा एक भाग असा बांधतात की तिथे आवाज जागीच मुरतो. तिथे उभे राहून माणूस बोलला की ऐकणाऱ्याला वर आभाळ आहे असे वाटते.

आणि बाकीचे आवाज? ‘आर्चर्स’मधल्या शेतावरचे फाटक कुरकुरते ते एका जुन्या, दुमडायच्या इस्त्रीच्या टेबलाच्या साह्याने. गवतातून चालल्याचा आवाज हवा असेल तर टेपरेकॉर्डरच्या जुन्या फितीचा गुंता जमिनीवर पसरून त्यावर पाय द्यायचे. मेंढी व्याली आणि कोकरू जमिनीवर पडले, हा आवाज ओला टॉवेल आणि दही यांच्यातून काढतात. ऐकणारा शेतकरी स्वतः रात्ररात्र गोठ्यात बसलेला. त्यालाही तो खरा वाटतो! आमच्या घरी हे सांगितले तेव्हा सौभाग्यवतींनी ‘दही फुकट घालवले’ एवढाच शेरा मारला.

पुढच्या काळात तेरा मिनिटांचा एक भाग साधारण दोन तासांत उरकण्याची पद्धत बसली. एकदा वाचन, मग ध्वनिमुद्रण. महिन्यातले काही दिवस सगळ्यांनी जमायचे आणि पुढचे भाग करून ठेवायचे. नट हे बीबीसीचे पगारी नोकर नव्हेत. जितके भाग तितके पैसे. ज्याच्या पात्राला त्या महिन्यात कथेत जागा नाही, त्याची त्या महिन्याची कमाई नाही. आवाज ओळखीचा झाला म्हणून चूल आपोआप पेटत नाही. नाक्यावर उभे राहणाऱ्या आपल्या बांधवांना हा हिशेब वेगळा समजावून सांगावा लागणार नाही.

इथे इसान चर्चमन या दुसऱ्या एका नटीची हकीकत सांगितलीच पाहिजे. मालिकेत त्या ग्रेस नावाच्या नव्या नवरीचे काम करीत. २२ सप्टेंबर १९५५ च्या भागात तबेल्याला आग लागते, घोड्याला वाचवायला ग्रेस आत शिरते आणि मरते. त्या रात्री सुमारे दोन कोटी लोक ऐकत होते असे सांगितले जाते. देशभर हळहळ झाली, वर्तमानपत्रांत मोठ्या बातम्या आल्या. त्याच रात्री इंग्लंडमध्ये आयटीव्ही या पहिल्या खाजगी दूरदर्शन कंपनीचे उद्घाटन होते. तिच्यावर कुरघोडी करण्यासाठी ग्रेसला मारले, असे सगळे धरून चालले. चर्चमनबाईंनी मात्र पुष्कळ वर्षांनी निराळेच कारण सांगितले. आपण पुरुष नटांइतके मानधन मागितले होते, त्यासाठी युनियनकडे गेलो होतो, म्हणून आपला काटा काढला, असे त्यांचे म्हणणे. दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या असू शकतात. बदलीच्या हुकमावर ‘प्रशासकीय सोयीसाठी’ असे लिहिलेले असते ना, त्यातलाच हा प्रकार. नाटकातल्या माणसाला नोकरीवरून काढायची गरज नसते, त्याला आगीत घातले की काम भागते.

जूनबाईंवर तशी पाळी आली नाही. त्या १९५३ मध्ये स्वतःहून थांबल्या, घरात दत्तक मूल आले म्हणून. मग पेगीचे काम थेल्मा रॉजर्स यांनी केले. १९६२ मध्ये पेगी पुन्हा जूनबाईंकडे आली ती कायमची. बाळंतपणासाठी किंवा मुलांसाठी घरी बसलेल्या बाईला तिची जागा नऊ वर्षांनी परत मिळते, ही गोष्ट मला त्यांच्या मानसन्मानांपेक्षा मोठी वाटते. किती कारखान्यांत, किती दुकानांत असे होते?

पेगीचे घर, जूनचे घर

पेगी ही काही देवमाणूस म्हणून लिहिलेली नव्हती. हट्टी, मानी, जुन्या वळणाची. गावच्या चर्चमध्ये बाई धर्मोपदेशक म्हणून आली तेव्हा तिने तिथे जाणेच सोडले होते! पण संसार ओढणारी. तिचा नवरा जॅक आर्चर दारूच्या आहारी गेला. पब चालवायचा त्या दोघांनी, आणि मालकच पिणारा. हिशेब सांभाळायचे, तीन मुले वाढवायची, गावात अब्रू राखायची, हे पेगीच्या वाट्याला आले. १९७२ मध्ये मालिकेत तो दारूनेच गेला. ऐकणाऱ्या घरांतल्या कितीतरी बायकांचे हे रोजचे जिणे होते, आणि त्यावर बोलायची सोय नव्हती. शेजारणीकडे बोलावे तर चहाडी होते. रेडिओवरच्या पेगीविषयी मात्र मोकळेपणाने बोलता येई, ‘बघ ना तो जॅक’ म्हणून.

जूनबाईंच्या स्वतःच्या घरी त्या वेळी दारू नव्हती. ती नंतर आली. त्यांचा दत्तक मुलगा दारूच्या व्यसनात सापडला आणि २००६ मध्ये वारला. नाटकात जे त्यांनी पन्नाशीत केले होते ते ऐंशी उलटल्यावर घरात भोगावे लागले. बाईंनी ते लपवले नाही. २०१० मध्ये त्यांचे आत्मचरित्र आले. त्या काळात त्या या विषयावर उघडपणे बोलल्या.

दुसऱ्या दुःखात क्रम उलटा झाला. ते आधी घरात आले आणि मग नाटकात.

मालिकेत पेगीने १ जानेवारी १९९१ रोजी दुसरे लग्न केले, जॅक वुली याच्याशी. हा बर्मिंगहॅमकडचा, स्वतःच्या हिमतीवर वर आलेला धंदेवाला, हॉटेलचा मालक, मनाने दिलदार. त्याचे काम अर्नोल्ड पीटर्स करीत. पेगीला म्हातारपणी सुख मिळाले म्हणून श्रोते खूष होते. इकडे जूनबाईंच्या पतीची स्मरणशक्ती मात्र ढासळू लागली होती. अल्झायमर हा तो रोग. जर्मनीतले डॉक्टर आलोइस अल्झायमर यांनी १९०६ मध्ये तो पहिल्यांदा मांडला, म्हणून त्यांचे नाव पडले. मेंदूतल्या पेशी हळूहळू मरत जातात. माणूस आधी कालचे विसरतो, मग आत्ताचे, मग घरचा रस्ता, मग घरची माणसे. लहानपणचे मात्र बराच काळ शाबूत राहते. हा रोग पूर्ण बरा करणारे औषध अजून निघालेले नाही. जूनबाईंनी पतीची शुश्रूषा केली. २००१ मध्ये ते वारले.

त्यानंतर काही वर्षांनी लेखकांनी जॅक वुलीला हाच रोग द्यायचे ठरवले. म्हणजे ज्या बाईने घरी हे सगळे काढले होते, तिने पुन्हा स्टुडिओत जाऊन तेच करायचे. त्यांनी ते केले. रेडिओवरच्या त्या प्रसंगांत मोठे काही घडत नसे. तोच प्रश्न परत विचारणारा नवरा, आणि पाचव्यांदा त्याच सुरात उत्तर देणारी बायको. त्या सुरातच सगळे होते. चिडू नये म्हणून दाबून धरलेला श्वास, क्षणभर थांबणे, मग ‘हो रे बाबा’ म्हटल्यासारखा पुन्हा गोड केलेला आवाज. पडद्यावर असते तर चेहऱ्यावर सुरकुत्या, डोळ्यांत पाणी दाखवता आले असते. इथे श्वासाच्या आवाजावर सगळे निभवायचे, आणि ज्या घरात असा रोगी होता तिथे तो श्वास कुणालाही ओळखू आला असता.

हे एवढ्या विस्ताराने लिहायचे कारण आहे. काही वर्षांपूर्वी आमच्या मंडळाने वस्तीत आरोग्य तपासणी ठेवली होती, तेव्हा एक बाई आपल्या सासऱ्यांविषयी विचारायला आली. गिरणी कामगार. १९८२ च्या संपानंतर त्यांची गिरणी परत धड चालली नाही आणि पुढे तिथे काचेची इमारत उभी राहिली. हे आजोबा पहाटे पाचला उठून डबा मागत. पहिली पाळी आहे म्हणत. नाही दिला तर सुनेला शिव्या देत, आणि दार उघडे दिसले तर चालू लागत. दोनदा पोलिसांनी आणून सोडले होते. शेजारी म्हणत, म्हातारचळ लागला. कुणी म्हणे करणी आहे, अमक्या गावच्या भगताकडे न्या. आणि नातेवाईक म्हणत, सून नीट बघत नाही. तिघांनीही रोगाचे नाव घेतले नव्हते, कारण असा रोग असतो हे त्यांना कुणी सांगितलेच नव्हते. त्या सुनेने पुढे एक युक्ती काढली. पहाटे खरेच डबा भरून द्यायचा, आजोबांना चाळीभोवती एक फेरी मारून आणायचे आणि ‘आज गिरणीला सुट्टी आहे’ असे सांगून घरी बसवायचे. आजोबा शांतपणे डबा खात. त्या बाईचे शिक्षण सातवी. डॉक्टरांनी ऐकले तेव्हा तेही म्हणाले, हे तुम्ही बरोबर करता. त्यांच्याशी वाद घालू नका.

आपल्या देशात ६० वर्षांवरील सुमारे ८८ लाख लोकांना स्मृतिभ्रंश आहे असा अंदाज २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका देशव्यापी पाहणीत दिला आहे. अल्झायमर हा स्मृतिभ्रंशाचा सगळ्यात जास्त आढळणारा प्रकार. पाहणीत असेही दिसले की पुरुषांपेक्षा बायकांत आणि शहरांपेक्षा खेड्यांत प्रमाण जास्त आहे. यातले किती घरांपर्यंत डॉक्टर पोचला असेल आणि किती घरांत भगत, याचा आकडा कुणी काढलेला माझ्या वाचनात नाही. मोठ्या सरकारी रुग्णालयांत मनोविकार विभाग किंवा मेंदूविकार विभाग असतो. केस पेपर काढून तिथे दाखवता येते. पुष्कळदा थायरॉइड, जीवनसत्त्वाची कमतरता किंवा मनाची उदासी यांमुळेही विसर पडतो, आणि तो उपचाराने सुधारतो. म्हणून ‘वय झाले’ म्हणून सोडून न देता एकदा तपासून घेतलेले बरे.

मालिकेतल्या पेगीने जॅकला घरीच सांभाळण्याचा हट्ट धरला. मुले समजावीत होती, पण बाई ऐकेना. शेवटी तिचीच तब्येत ढासळली आणि जॅकला शुश्रूषागृहात ठेवावे लागले. ते तिने मनाला लावून घेतले. आपल्या वस्तीत शुश्रूषागृह कुणाला परवडते? दहा बाय बाराच्या खोलीत रोगी, पोरे आणि अभ्यास सगळे एकत्र असते. पण सांभाळणाऱ्या बाईची तब्येत आधी कोसळते, ही गोष्ट दोन्हीकडे सारखीच. रोग्याची चौकशी सगळे करतात, तिची कुणी करीत नाही. घरातल्या पुरुषांनी, लेकांनी रविवारचा एक दिवस तरी तिला सोडवावे, तिने माहेरी जाऊन झोप काढावी, एवढे कुठल्याही घराला जमण्यासारखे आहे.

आणखी एक योग असा की, जॅक वुलीचे काम करणारे अर्नोल्ड पीटर्स यांनाही पुढे खरोखरच अल्झायमर झाला. विसरणाऱ्या माणसाचे सोंग करता करता माणूस खरेच विसरू लागला. २०११ मध्ये त्यांचे काम थांबले आणि मे २०१३ मध्ये ते वारले. मालिकेतला जॅक वुली २०१४ च्या सुरुवातीला गेला. जूनबाईंनी म्हणजे हा रोग तीनदा पाहिला: पतीच्या रूपाने, जॅकच्या रूपाने आणि माइकपलीकडच्या आपल्या सोबत्याच्या रूपाने. आणि तरीही पुढच्या महिन्याचे कागद हातात घेऊन त्या उभ्या राहिल्याच.

मूळ संचातले त्यांचे सोबती एकेक करून गेले होते. नॉर्मन पेंटिंग हे १९५० च्या त्या पाच भागांपासून फिल आर्चरचे काम करीत होते. एकाच मालिकेत सर्वांत जास्त काळ काम करणारे नट म्हणून गिनेस बुकात त्यांची नोंद झाली, शिवाय बृनो मिल्ना या टोपणनावाने त्यांनी मालिकेचे सुमारे १,२०० भागही लिहिले. ऑक्टोबर २००९ मध्ये शेवटचे ध्वनिमुद्रण करून ते दोनच दिवसांत वारले. ते ध्वनिमुद्रण प्रसारित झाले ते नोव्हेंबरात, म्हणजे माणूस गेल्यावरही आवाज बोलत होता. त्यानंतर पहिल्या दिवसापासूनच्या नटांपैकी जूनबाई एकट्याच राहिल्या. सरकारी किताब त्यांना दोनदा मिळाले, १९९१ मध्ये आणि २०१७ मध्ये. दुसरा मिळाला तेव्हा त्या ९८ व्या वर्षात होत्या.

२०२० मध्ये करोनाची साथ आली तेव्हा स्टुडिओ बंद पडला आणि मालिकेचे नवे भाग काही दिवस थांबले. मग नटांनी आपापल्या घरी माइक लावून एकेकट्याने स्वगते बोलावीत अशी तोड काढली. सत्तर वर्षांत न बदललेली पद्धत महिन्या-दोन महिन्यांत बदलली. श्रोत्यांना ती स्वगते फारशी रुचली नाहीत, आणि मला वाटते ते बरोबरच होते. संवादाला समोर माणूस लागतो.

पेगीचे शेवटचे बोल ३१ जुलै २०२२ च्या भागात ऐकू आले. निरोप घेताना जूनबाईंनी जे निवेदन काढले त्यात रडगाणे नव्हते. १९५० मध्ये आपण एक बी पेरायला हातभार लावला, त्याचा मोठा वृक्ष झाला, पण पेगी नावाची ही जुनी फांदी आता कमकुवत झाली आहे, कधीही कोसळेल, तेव्हा ती वेळेवर तोडलेली बरी, अशा अर्थाचे त्यांनी लिहिले होते. सव्वादोन वर्षांनी, ८ नोव्हेंबर २०२४ रोजी, वयाच्या १०५ व्या वर्षी त्या झोपेतच गेल्या.